उघड्यावर डोकं दुखतं तेव्हा : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ट्रेक, धावणं, सायकल, पोहणं, मैदानी खेळ किंवा दिवसभर उन्हातलं काम करताना होणाऱ्या डोकेदुखीबद्दल जे प्रश्न पुन्हा पुन्हा येतात, ते इथे एकत्र केले आहेत. त्यातल्या बहुतेकांचा शेवट "कोणती गोळी घेऊ?" असा असतो. गोळ्यांचं उत्तर प्रश्न १७ मध्ये आहे आणि ते मुद्दाम इतकं मागे ठेवलं आहे. उघड्यावरच्या डोकेदुखीत एका कारणावरचा उपाय दुसऱ्या कारणात उलटू शकतो, म्हणून आधी कारण, मग गोळी. घाईत असाल तर प्रश्न ३ तेवढा वाचूनच निघा.

१. घरी असताना काही नसतं, बाहेर पडलं की डोकं धरतं. असं का होतं?

मेंदूला स्वतःला वेदना कळत नाही. दुखतात ती त्याच्याभोवतीची आवरणं, रक्तवाहिन्या, कवटीवरचे आणि मानेचे स्नायू. बाहेर पडल्यावर या सगळ्यांवर एकाच वेळी ताण येतो. घाम जातो, जेवणाची वेळ टळते, पहाटे उठल्यामुळे झोप अपुरी असते, उन्हाच्या तिरिपीने डोळे बारीक होतात, खांद्यावर ओझं असतं.

बऱ्याचदा एकच एक कारण सापडत नाही. दोन-तीन किरकोळ गोष्टी जुळून येतात आणि डोकं ठणकू लागतं. त्यामुळे "मागच्या वेळी याच वाटेवर काही झालं नव्हतं" या बोलण्याला फारसा अर्थ नाही. वाट तीच असली तरी त्या दिवशीची झोप, ऊन आणि पोटातलं अन्न वेगळं असतं.

२. वाटेत डोकं दुखायला लागलं तर सगळ्यात आधी काय करायचं?

थांबायचं. चालता चालता पाणी प्यायलं, गोळी गिळली आणि निघाले, हे थांबणं नव्हे. सावलीत किंवा वाऱ्याच्या आडोशाला बसा. सॅक, हेल्मेट, टोपी, गॉगल उतरवा, छातीवरचा पट्टा सैल करा. घोटघोट पाणी प्या. शेवटचं खाऊन तीन-चार तास झाले असतील तर काहीतरी खा. ऊन असेल तर मानेवर आणि चेहऱ्यावर ओला रुमाल फिरवा.

बसल्या बसल्या चार गोष्टी आठवून पाहा : दुखणं कधी सुरू झालं, हळूहळू वाढलं की एकदम आलं, नेमकं कुठे दुखतंय आणि सोबत आणखी काय होतंय. हे सोबत्यालाही सांगा. आपल्यामुळे सगळे अडकतील या संकोचापायी लोक गप्प राहतात, आणि मग गट अडकतो तो दोन तासांनी, जास्त अवघड जागी.

अर्ध्या तासात बरं वाटलं तर संथ गतीने पुढे जायला हरकत नाही. वाढतच असेल तर मागे फिरा. उंच डोंगरात असाल तर हा नियम लावू नका, प्रश्न १३ पाहा.

३. कोणती डोकेदुखी अंगावर काढायची नाही?

यातलं एकही लक्षण असेल तर सहल संपली असं समजा आणि वैद्यकीय मदत गाठा :

- काही सेकंदांत, फार तर मिनिटभरात शिगेला पोचलेली, आयुष्यात कधी झाली नव्हती अशी डोकेदुखी
- सोबत बोलणं अडखळणं, तोंड वाकडं होणं, हातापायातली ताकद जाणं, एकाचे दोन दिसणं
- बरळणं, विचित्र वागणं, ग्लानी, झटका, शुद्ध हरपणं
- चालताना झोक जाणं
- ताप आणि मान आखडणं, म्हणजे हनुवटी छातीला टेकवता न येणं
- डोक्याला मार लागल्यानंतर वाढत जाणारं दुखणं किंवा पुन्हा पुन्हा उलट्या
- पन्नाशीनंतर पहिल्यांदाच सुरू झालेली, नव्या प्रकारची डोकेदुखी

शेवटच्या मुद्द्यासाठी धावतपळत नेण्याची गरज नसते, पण तपासणी टाळू नका. बाकीच्या सगळ्यांत घड्याळ चालू झालेलं असतं.

४. डोकं दुखू नये म्हणून नेमकं किती पाणी प्यायचं?

सगळ्यांना लागू पडेल असा आकडा नाही. व्यायामात कुणाला तासाला अर्धा लिटर घाम येतो, तर उन्हात जोरात धावणाऱ्या एखाद्याला दोन लिटर. दोघांनाही तेवढंच पाणी प्यायला सांगणं चूकच.

आपला अंदाज आपण घरच्या घरी काढू शकतो. तासाभराच्या व्यायामाआधी आणि नंतर, अंग पुसून, कमीत कमी कपड्यांत वजन करा. एक किलोची घट म्हणजे साधारण एक लिटर घाम, त्यात मधे प्यायलेलं पाणी मिळवा. वजनाच्या दोन टक्क्यांहून जास्त घट झाली की दम, लक्ष आणि डोकं, तिन्हींवर परिणाम जाणवू लागतो. रोजच्यासाठी तहानेकडे लक्ष देणं आणि लघवी फिकट पिवळी आहे ना ते पाहणं पुरेसं असतं. ब-जीवनसत्त्वाच्या गोळ्या घेत असाल तर लघवी एरवीही गर्द पिवळी दिसते, तेव्हा रंगावर विसंबू नका.

घाम दोन-तीन तासांहून जास्त काळ वाहणार असेल तर पाण्यासोबत मीठही लागतं. ओआरएसचं पाकीट त्यावर लिहिलेल्या मापाच्या पाण्यातच घाला. अर्धं पाकीट बाटलीत अंदाजाने टाकलं की माप बिघडतं. पाकीट नसेल तर एक लिटर स्वच्छ पाण्यात सहा सपाट चहाचे चमचे साखर आणि अर्धा सपाट चमचा मीठ.

५. मी तर सारखा पाणी पितोय, तरी डोकं दुखतंय आणि मळमळतंय. अजून पिऊ?

नाही, थांबा. हा प्रश्न ज्या घाईने विचारला जातो त्याच घाईने आजूबाजूचे लोक पाण्याची बाटली पुढे करतात, आणि नेमकं तेच घातक ठरू शकतं.

कित्येक तास घाम गाळत नुसतं पाणी पीत राहिलं, तर रक्तातलं सोडियम पातळ होत जातं. त्यात दीर्घ श्रमांमध्ये शरीर पाणी धरून ठेवणारं संप्रेरक सोडत असतं, त्यामुळे लघवीवाटे जादा पाणी बाहेर पडत नाही. ते पेशींमध्ये शिरतं आणि मेंदू सुजू लागतो. कवटीत सुजायला जागा कुठे आहे? आधी डोकेदुखी आणि मळमळ, मग उलट्या, गोंधळ, आणि वेळेत ओळखलं नाही तर झटके. २००२ च्या बॉस्टन मॅरेथॉनमध्ये रक्त तपासलेल्या ४८८ धावपटूंपैकी १३ टक्के जणांचं सोडियम कमी भरलं होतं, आणि त्याचा सगळ्यात ठळक संबंध होता तो शर्यतीत वजन वाढण्याशी. म्हणजे हे लोक घामापेक्षा जास्त प्यायले होते. चार तासांहून अधिक काळ, सावकाश जाणाऱ्यांमध्ये हा धोका जास्त, कारण त्यांना प्यायला वेळ मिळतो.

पाणी कमी पडलेल्या माणसाचं तोंड कोरडं असतं, तहान असते, लघवी कमी आणि गडद असते. पाणी जास्त झालेल्याला तहान नसते, पोट डबडबलेलं वाटतं, अंगठी किंवा घड्याळाचा पट्टा बोटाला-मनगटाला रुतू लागतो. शंका असेल तर साधं पाणी बंद करा, खारट काहीतरी खायला द्या आणि लघवी होईपर्यंत वाट पाहा. गोंधळ, सततच्या उलट्या किंवा झटका असेल तर थेट रुग्णालय, आणि तिथे "किती पाणी प्यायला होता" हे आवर्जून सांगा. नाहीतर तिथेही पाणी कमी पडलं असं समजून सलाइन लावलं जाण्याची शक्यता असते.

६. ऊन लागलंय की नुसतं डोकं दुखतंय, कसं ओळखायचं?

माणूस कसा वागतोय ते बघा. डोकं दुखतंय, घाम येतोय, थकवा आहे, पण विचारलेल्या प्रश्नांना नीट उत्तरं देतोय, तर ती उन्हाची दमणूक. सावली, आडवं होणं, पाय थोडे उंच, गार पाणी आणि वारा एवढ्यावर ती बहुधा तासाभरात उतरते.

तोच माणूस चिडचिडा झाला, असंबद्ध बोलू लागला, धडपडू लागला, तर तो उष्माघात समजा. यात शरीराचं आतलं तापमान ४० अंश सेल्सिअसच्या वर गेलेलं असतं. "घाम येतोय म्हणजे उष्माघात नाही" हा समज सोडून द्या. श्रमातून होणाऱ्या उष्माघातात अंग घामाने निथळत असू शकतं. रुग्णवाहिका येईपर्यंत वाट न पाहता गार करायला सुरुवात करा : शक्य असेल तर डोकं बाहेर ठेवून गार पाण्यात बसवा, नसेल तर अंगावर पाणी ओतत राहा आणि वारा घाला. पॅरासिटामॉलचा इथे काहीही उपयोग नाही. ते तापावर काम करतं, उन्हाने तापलेल्या शरीरावर नाही.

उन्हाची सवय व्हायला सात ते चौदा दिवस लागतात. थंड हवेतून थेट उन्हाळी शर्यतीत उतरणाऱ्यांनी हे वेळापत्रकात धरावं.

७. ऊन फार नसतं, पण चकाकीने कपाळ दुखतं. गॉगलने फरक पडेल का?

पडेल. डोळे सतत बारीक करून कपाळाचे आणि भुवयांचे स्नायू आखडतात. रुंद काठाची टोपी आणि यूव्ही ४०० लिहिलेला गॉगल, दोन्ही हवं. नुसती गडद काच, जी अतिनील किरणं अडवत नाही, ती न घातलेली बरी, कारण तिच्याआड बाहुली मोठी होते आणि किरणं जास्त आत जातात. पाण्यावर पोलराइज्ड काच आराम देते.

बर्फावर गंमत नको. ताजा बर्फ ८० टक्क्यांपर्यंत अतिनील किरणं परत फेकतो, आणि दर हजार मीटर उंचीला ही किरणं साधारण १० टक्क्यांनी वाढतात. डोळे भाजले तर दुखणं सहा ते बारा तासांनी, म्हणजे बहुधा रात्री सुरू होतं. डोळ्यांत वाळू गेल्यासारखं वाटून डोकंही दुखत असेल तर हेच असण्याची शक्यता मोठी.

८. हेल्मेट, हेडटॉर्च किंवा पोहण्याचा चष्मा घातला की तासाभरात कपाळ दुखतं. सवय होईल का?

सवयीची वाट पाहू नका, माप बदला. बाहेरून दाब पडून होणारी ही वेगळी नोंदलेली डोकेदुखी आहे. दाब आल्यापासून तासाभरात सुरू होते, काढल्यावर तासाभरात जाते. हेल्मेटच्या आतलं अस्तर वेगवेगळ्या जाडीचं मिळतं. हेडटॉर्चची पट्टी टोपीवरून बांधा. मात्र दुखतं म्हणून हेल्मेट सैल ठेवायचं नाही. पडताना सरकणाऱ्या हेल्मेटचा उपयोग शून्य.

९. सॅक घेऊन चाललं किंवा लांब सायकल चालवली की मानेतून डोक्यात कळ जाते. काय चुकतंय?

बहुतेक वेळा ओझं खांद्यांवर लटकलेलं असतं. सॅकचा कमरपट्टा कंबरेच्या हाडांवर घट्ट बसवला की वजनाचा मोठा भाग खांद्यांऐवजी कंबर पेलते. जड सामान पाठीजवळ, मध्यावर ठेवा. टोकाशी किंवा तळाशी गेलं की शरीर पुढे झुकतं आणि समोर बघण्यासाठी मान उचलावी लागते. सायकलवर हँडल फार खाली किंवा फार लांब असेल तर हेच होतं, शिवाय हेल्मेटची टोपीसारखी पुढची पट्टी आड येत असेल तर मान आणखी वर जाते. दर अर्ध्या तासाने खांदे फिरवा, हनुवटी आत ओढा.

पक्षी बघणारे आणि आकाशदर्शन करणारे हाच त्रास सांगतात. त्यांच्यासाठी उपाय सोपा : पाठीवर आडवं पडून बघावं.

मान एकदम जोरात वळली किंवा झटका बसला, आणि नंतर एका बाजूची मान व डोकं सतत दुखू लागलं, तर मात्र प्रश्न ३ लागू. मानेतल्या रक्तवाहिनीचं अस्तर फाटल्याचंही ते लक्षण असू शकतं.

१०. पहाटे चहा-कॉफी न घेता निघालो की दुपारपर्यंत डोकं दुखतं. हे व्यसन म्हणायचं का?

नाव काहीही द्या, कारण खरं आहे. रोज ठरावीक कॅफीन घेणाऱ्याने ते चुकवलं तर १२ ते २४ तासांत डोकं दुखू लागतं, आणि नेहमीचा कप घेतला की बहुधा तासाभरात थांबतं. चार दिवसांच्या ट्रेकला जाताना सवय मोडण्याचा निश्चय करू नका. मोडायचीच असेल तर आधी दोन आठवडे रोज थोडं थोडं कमी करत आणा. "चहाने शरीरातलं पाणी निघून जातं" म्हणून घाबरायचंही कारण नाही. रोजची सवय असलेल्याला एक-दोन कपांनी तसं होत नाही. उपाशीपोटी निघण्याचं मात्र समर्थन करता येत नाही.

११. जोरात धावलं किंवा चढ चढलं की दोन्ही बाजूंनी ठणके बसतात, थांबलं की हळूहळू जातात. घाबरायचं का?

श्रमातून येणारी अशी डोकेदुखी असते. ठणकणारी, जोराच्या व्यायामात किंवा लगेच नंतर येणारी, ४८ तासांच्या आत जाणारी. गरम हवेत आणि उंचावर ती जास्त दिसते. सावकाश, लांबलेला वॉर्मअप बऱ्याच जणांना पुरतो, वारंवार होत असेल तर डॉक्टर त्यावर प्रतिबंधक औषध देतात.

पण हे निदान पहिल्याच वेळी स्वतःचं स्वतः करायचं नाही. मेंदूभोवतीचा रक्तस्राव किंवा मेंदूच्या रक्तवाहिन्यांचं आकुंचन हेही श्रमाच्या क्षणीच समोर येऊ शकतं. म्हणून पहिल्यांदा झाली की तपासणी, आणि ती नॉर्मल आल्यानंतरच "आपली नेहमीची" असं म्हणायची मुभा. आणखी एक फसवा प्रकार आहे : वय पन्नाशीपुढे, रक्तदाब किंवा मधुमेह किंवा धूम्रपान, चढ लागला की डोकं दुखतं आणि थांबलं की पाच-दहा मिनिटांत थांबतं. अशा वेळी दुखणं डोक्यात असलं तरी मूळ हृदयात असू शकतं, छातीत काही जाणवत नसलं तरी. यांनी हृदयाची तपासणी करून घ्यावी.

१२. मला अर्धशिशी आहे. धावणं आणि ट्रेक सोडून देऊ का?

नको. नियमित, मध्यम व्यायामाने अर्धशिशीचे झटके कमी होण्याकडे कल असतो. झटका आणतो तो एकदम केलेला जोर, आणि त्याच्या जोडीला जागरण, उपास, ऊन, कमी पाणी. यातल्या ज्या गोष्टी हातात आहेत त्या त्या दिवशी सांभाळा. शर्यतीची आदली रात्र आणि सकाळचं खाणं हे धावण्याइतकंच महत्त्वाचं माना.

डॉक्टरांनी दिलेलं झटक्यावरचं औषध सॅकच्या तळाशी नव्हे, वरच्या खिशात ठेवा. ते सुरुवातीलाच घेतलं तर चालतं. दोन तास सोसून मग घेतलं तर पोट औषध नीट शोषत नाही. डोळ्यांपुढे नागमोडी रेषा, चमकणारे ठिपके दिसणारी पूर्वसूचना ५ ते ६० मिनिटं टिकते. तेवढ्या वेळात कडेकपारीवर, सायकलवर किंवा पाण्यात राहू नका. आधी सुरक्षित जागी या, मग औषध. पूर्वसूचनेचा प्रकार एकदम बदलला, किंवा तासाहून जास्त टिकला, तर प्रश्न ३.

१३. उंच डोंगरात पहिल्याच रात्री डोकं दुखलं. विरळ हवेचं समजायचं का?

२५०० मीटरच्या वर पोचून २४ तासांच्या आत सुरू झालेली डोकेदुखी दुसरं काही सिद्ध होईपर्यंत उंचीचीच समजावी. तुम्ही धडधाकट आहात की नाही याच्याशी तिचा संबंध नाही. तरणेबांड धावपटू ती जास्त अनुभवतात असं वाटतं, कारण ते भरभर चढतात.

नुसती डोकेदुखी असेल तर त्याच उंचीवर थांबा. विश्रांती, पाणी, हवं तर पॅरासिटामॉल किंवा आयब्युप्रोफेन. सोबत मळमळ, भूक मरणं, चक्कर, न पेलणारा थकवा यांतलं काही असेल तर उंचीचा आजार सुरू झाला आहे. बरं वाटेपर्यंत वर जायचं नाही, वाढलं तर खाली. ३०० ते १००० मीटर उतरलं तरी बहुधा फरक पडतो.

एक चाचणी सगळ्यांना येत असावी : जमिनीवर सरळ रेषेत, एका पावलाची टाच दुसऱ्याच्या बोटांना लावत चालायला सांगा. जो झोक घेतो, पडतो किंवा बरळतो, त्याच्या मेंदूला सूज आहे असं धरा. त्याला त्याच घटकेला, रात्र असली तरी, कुणाच्या तरी सोबतीने खाली न्यायचं. "सकाळी बघू" या दोन शब्दांनी उंचावर माणसं गमावली आहेत.

चढतानाचा नियम : ३००० मीटरच्या वर झोपायची जागा रोज ५०० मीटरपेक्षा जास्त उंच नेऊ नये, आणि दर तीन-चार दिवसांनी एक मुक्काम त्याच जागी. दिवसा वर जाऊन खाली झोपायला आलं तर उत्तम.

१४. डायमॉक्स किंवा वेदनाशामक घेऊन पुढे चढलं तर?

दोन्हींना एकाच पिशवीत घालू नका. वेदनाशामक दुखणं दाबतं, शरीराला विरळ हवेची सवय लावत नाही. गोळीशिवाय बरं वाटलं तरच वर जा. डायमॉक्स, म्हणजे अ‍ॅसिटाझोलामाइड, श्वसन वाढवून सवय होण्याला खरोखर मदत करतं. प्रतिबंधासाठी प्रौढांना सहसा १२५ मिलिग्रॅम दिवसातून दोनदा, चढाईच्या आदल्या दिवसापासून दिलं जातं. बोटांना मुंग्या येणं, वारंवार लघवी, सोडा बेचव लागणं हे अपेक्षित आहे. सल्फाची तीव्र अ‍ॅलर्जी, मूत्रपिंडाचा आजार किंवा गरोदरपण असेल तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय घेऊ नका. आणि ते घेतलं म्हणून दिवसाला हजार मीटर चढायचा परवाना मिळत नाही.

१५. तंबूत झोपल्यावर सकाळी सगळ्यांचंच डोकं दुखत होतं. उंची फारशी नव्हती. मग?

सगळ्यांचं एकदम दुखणं हीच खूण आहे. तंबूत किंवा त्याच्या तोंडाशी स्टोव्ह, शेगडी, निखारे, कंदील काही जळत होतं का? कार्बन मोनॉक्साइडला रंग नाही, वास नाही, आणि रक्तातल्या हिमोग्लोबिनला तो ऑक्सिजनपेक्षा २०० पटींहून अधिक घट्ट चिकटतो. डोकेदुखी, मळमळ, गुंगी, मग जाग न येणं, असा त्याचा क्रम. बाहेर आल्यावर बरं वाटतं आणि आत गेल्यावर पुन्हा दुखतं, ही दुसरी खूण.

सगळ्यांना मोकळ्या हवेत आणा, जळतं ते विझवा, ऑक्सिजन मिळेल तिथे न्या. बोटाला लावायच्या ऑक्सिमीटरने ९८ दाखवलं तरी विश्वास ठेवू नका. साध्या यंत्राला हे दोन वायू वेगळे ओळखता येत नाहीत. विझत आलेले निखारे "आता फक्त ऊब देतात" म्हणून आत घेणं तर सगळ्यात वाईट, कारण अर्धवट जळतानाच हा वायू जास्त निघतो. थंडी असेल तर जास्तीचे कपडे घाला.

१६. थंड पाण्यात उडी मारली की कपाळात सणक जाते. आणि स्कूबा डायव्हिंगनंतरही डोकं दुखतं. एकच कारण?

नाही. गार पाण्याची सणक निरुपद्रवी, बाहेर आल्यावर अर्ध्या तासात जाते. पोहण्याची टोपी घाला आणि हळूहळू पाण्यात उतरा.

डायव्हिंगमधली डोकेदुखी बऱ्याचदा कार्बन डायऑक्साइड साठल्याने येते. हवा वाचवण्यासाठी श्वास रोखून धरणाऱ्यांना ती हमखास होते. संथ, खोल, अखंड श्वास हा त्यावरचा उपाय. खाली जाताना कपाळात टोचलं तर सायनस बंद आहे. सर्दी असताना डाइव्ह करू नका. वर आल्यावर डोकेदुखीसोबत सांधेदुखी, बधिरपणा किंवा चक्कर असेल तर ऑक्सिजन आणि तातडीची मदत, पुन्हा पाण्यात जाणं नाही.

१७. अखेर, कोणती गोळी घ्यायची?

वरची कारणं तपासून झाली असतील तर उघड्यावर पहिली पसंती पॅरासिटामॉलला. प्रौढांसाठी एका वेळी ५०० ते १००० मिलिग्रॅम, दोन डोसांत किमान चार ते सहा तास, २४ तासांत ४००० च्या वर कधीही नाही. सर्दीच्या मिश्र गोळ्यांमध्येही पॅरासिटामॉल असतं, ते धरून मोजा. यकृताचा आजार किंवा रोजचं मद्यपान असेल तर मर्यादा बरीच खाली येते.

आयब्युप्रोफेन चांगलं काम करतं, पण पाणी कमी पडलेल्या शरीरात ते मूत्रपिंडांचा रक्तपुरवठा आणखी घटवतं. म्हणून घामाघूम असताना नाही. आधी पाणी, सावली, लघवी, मग हवं तर खाऊन घ्या. डॉक्टरांच्या सल्ल्याविना दिवसाला १२०० मिलिग्रॅम ही हद्द. प्रश्न ५ मधली शंका असेल तर अजिबात नाही.

१८. दुखणारच आहे, मग निघण्याआधीच एक घेऊन ठेवली तर?

ही सवय मला सगळ्यात जास्त खटकते. दुखणं हा थांबायचा इशारा असतो, तो आधीच बंद करून आपण उन्हात किंवा उंचावर जातो. शिवाय साध्या वेदनाशामक गोळ्या महिन्यात १५ किंवा त्याहून जास्त दिवस, आणि मिश्र गोळ्या किंवा ट्रिप्टान (अर्धशिशीच्या झटक्यावरची औषधं) १० किंवा त्याहून जास्त दिवस, असं तीन महिन्यांपेक्षा जास्त चाललं, तर गोळ्यांमुळेच रोज डोकं दुखू लागतं. दर शनिवार-रविवार घेणारे या रेषेच्या जवळ कधी पोचले ते त्यांना कळत नाही. श्रमाच्या डोकेदुखीवर डॉक्टरांनी आधी घ्यायला सांगितलेलं औषध हा याला अपवाद.

१९. पडलो, डोकं आपटलं, शुद्ध गेली नाही. थोडं दुखतंय. खेळ पुढे चालू ठेवू?

नाही, त्या दिवशी नाही. मेंदूला हादरा बसल्यावर बहुतेकांची शुद्ध जात नाहीच. एक-दोन दिवस सापेक्ष विश्रांती, स्क्रीन कमी, मग लक्षणं न वाढवता टप्प्याटप्प्याने परत. पहिल्या रात्री कुणीतरी सोबत असावं. रक्त पातळ करणारी औषधं घेणाऱ्याने किरकोळ मार लागला तरी तपासून घ्यावं.

२०. मुलं, गरोदर स्त्रिया आणि रक्तदाब असणाऱ्यांसाठी काही वेगळं?

लहान मुलं "डोकं दुखतं" असं न म्हणता गप्प होतात, किरकिरतात, खायला नको म्हणतात. उंचावर तर हेच लक्षण धरावं. औषधाचं माप वयावर नाही, वजनावर : पॅरासिटामॉल किलोला १० ते १५ मिलिग्रॅम. सोळा वर्षांखालच्यांना अ‍ॅस्पिरिन देऊ नये.

गरोदरपणात विसाव्या आठवड्यानंतर डोकं दुखलं तर ऊन-पाण्यावर ढकलू नका, रक्तदाब तपासा. डोळ्यांपुढे चमकणं, बरगड्यांखाली दुखणं, चेहरा सुजणं असेल तर त्याच दिवशी रुग्णालय. बाळंतपणानंतरचे सहा आठवडेही हेच लागू. आयब्युप्रोफेन टाळा. रक्तदाबासाठी लघवी वाढवणारी गोळी चालू असेल तर उन्हाच्या दिवसांतलं तिचं माप डॉक्टरांशी आधीच बोलून ठेवा.

२१. बाहेर असताना काही नव्हतं, घरी आल्यावर चार-पाच दिवसांनी डोकं दुखून ताप आला. संबंध असू शकतो?

असू शकतो. डासांचे, गोचिडांचे आणि साचलेल्या पाण्यातून होणारे आजार काही दिवसांनी, कधी दोन-तीन आठवड्यांनी उगवतात. कुठे गेला होता, कोणत्या पाण्यात उतरला होता, काय चावलं, हे डॉक्टरांना स्वतःहून सांगा. विचारलं जाईलच असं नाही. डेंग्यूची शंका असेल तोवर आयब्युप्रोफेन आणि अ‍ॅस्पिरिन नको, कारण त्याने रक्तस्रावाचा धोका वाढतो.

२२. एकटाच आहे, अर्ध्या वाटेवर आहे, डोकं दुखतंय. पुढे की मागे?

दुखणं ज्या दिशेने कमी होईल त्या दिशेने : उंचावर असाल तर खाली, उन्हात असाल तर सावलीकडे, आणि दोन्ही नसेल तर जिथे माणसं लवकर भेटतील तिकडे. निघण्याआधी कुणाला तरी कळवा की मी अमुक ठिकाणी आहे, डोकं दुखतंय, अमुक वाजेपर्यंत अमुक जागी पोचेन. नंतर तुम्हाला धड सांगता आलं नाही, तर शोधणाऱ्यांकडे निदान एवढं असेल. फोनला रेंज नसेल तर हे वेळेसकट कागदावर लिहून खिशात ठेवा, आणि दर अर्ध्या तासाने स्वतःला टाच-बोटं जोडून दहा पावलं चालायला लावा. जमलं नाही तर चालणं थांबवा, बसा, अंग झाका, शिट्टी वाजवा.